तानूबाईच्या तोंडचं

"माइकसमोर घरचं बोलायचं न्हाई," हौसाबाईंनी मला पहिल्याच दिवशी बजावलं होतं. "हसायचं तर पिक्चरमधलं, रडायचं तर पिक्चरमधलं. आपलं सोताचं काय असंल ते चपलांसंगं भाईर काढून यायचं."

"का हो? माइकची नजर लागते?" मी म्हटलं. मराठी घेऊन बी.ए. झालेली मी. अशा गोष्टींना हसायचं, एवढं तरी कॉलेजात शिकले होते.

"हस बाई, हस. त्या टेपला काय कळतंय, खरं कुठलं आन् सोंग कुठलं? ती आपली घेती आन् ठिवून देती."

हौसाबाई पूर्वी नाटक कंपनीत होत्या. मी त्यांना भेटले तेव्हा कोल्हापूरच्या त्या स्टुडिओत सिनेमातल्या सासवा, सुइणी आणि भांडकुदळ शेजारणींना आवाज द्यायच्या. तरण्या बायकांना मी द्यायचे. वाढले खेड्यात, शिकले शहरात, त्यामुळे दोन्हीकडची भाषा माझ्या तोंडात होती. नवरा औषधाच्या कंपनीत, कायम फिरतीवर. सई सात महिन्यांची. तिला सांभाळायला घरी दुसरं कुणी नाही, म्हणून तिची झोळी डबिंगच्या खोलीतच, मागच्या खांबाला बांधलेली असायची. लाल दिवा लागला की टेप सुरू झाली, आता श्वाससुद्धा जपून घ्यायचा. दिवा विझला की मी धावत झोळीकडे. सई श्वास घेतेय ना, हे नाकाशी बोट धरून बघायचं. दर वेळी.

"बोट धरून धरून पोरीचं नाक झिजवशील," हौसाबाई म्हणायच्या.

आणीबाणीचे दिवस होते. रस्त्यात दोन माणसं बोलत उभी असली आणि तिसरा आला, की दोघं हवापाण्यावर यायची.

आमचे दिग्दर्शक बापू हिरेमठ. सिनेमा एका कोरड्या गावाचा होता आणि बापूंनी तो उंबळवाडीत जाऊन, तिथल्याच लोकांना गर्दीत उभं करून घेतला होता. गावकरी मामलेदाराला विहिरीसाठी साकडं घालतात, असा एक प्रसंग होता. देवळासमोर सगळं गाव जमलेलं. कॅमेरा फिरत फिरत आला, तशी मागे उभी असलेली एक बाई माणसं बाजूला सारून पुढे झाली आणि विहिरीचं सोडून स्वतःचंच बोलायला लागली. मामलेदाराचा कोट घातलेला नट बावचळून बघतच राहिला. बापूंनी कॅमेरा थांबवू दिला नाही.

ती तानूबाई. गावात जनरेटरच्या घरघरीत जे बोलणं टेप झालं होतं ते नुसतं खुणेपुरतं. बाकी सगळ्या सिनेमासारखं तेही स्टुडिओत पुन्हा बोलायला हवं होतं. पडद्यावरच्या ओठांबरोबर तेच तेच बोलत राहणं सरावाशिवाय जमत नाही. शिवाय तानूबाईनं निरोप पाठवला होता, "मी एकडाव बोललो. आता परत उकरून काढाया लावू नका." म्हणून ते काम माझ्याकडे आलं.

डबिंगला एकेका तुकड्याची दोन टोकं जोडून माळ करतात. ती यंत्रावर फिरत राहते आणि पडद्यावर तेवढाच तुकडा संपून पुन्हा सुरू होतो. तानूबाई माणसं बाजूला सारून पुढे यायची, बोलायची, पदर तोंडावर धरायची, आणि पुन्हा मागून माणसं सारत पुढे यायची. तिशीही न ओलांडलेली बाई. कपाळ मोकळं.

"माझ्या मालकाला जीपमदनं न्हेलं. शेरडं न्हेत्यात तसं. नगं नगं म्हणत हुता. आमास्नी पोर न्हाई, बाळ न्हाई, कशाचं आपरेशन करतायसा? कापल्याली जागा पिकली. घरात वास माईना. मी दवाखान्याच्या सायबाकडं पळालो, तर म्हणं लिंबाचा पाला बांध. माझं माणूस सडून मेलं, सायेब. त्येचा जाब मला कोन देनार?"

शेवटचं वाक्य ती पदराआडून बोलली होती. डबिंगवाल्यांना पदर म्हणजे सुट्टी. ओठ दिसत नाहीत, जुळवायची भानगड नाही. पण मी तेही श्वासाला श्वास लावून बोलले. संपलं तसं रेकॉर्डिंगच्या काचेमागचं दार उघडलं. बापू आत आले. डोळे लाल.

"कालिंदी, हाच माझा सिनेमा. बाकी सगळा कापला तरी चालेल, एवढं कापू देणार नाही."

मी त्यांच्यावर विश्वास ठेवला. अजूनही वाटतं, त्या घटकेला ते खोटं बोलत नव्हते.

त्यानंतर सरकारच्या माहिती खात्याचे दप्तरदारसाहेब आले. सेन्सॉरकडे जायच्या आधी सिनेमा त्यांच्या नजरेखालून जायचा, अशी तेव्हा रीतच पडली होती. पांढरा स्वच्छ बुशशर्ट, हळू आवाज, सगळ्यांना अहो-जाहो. त्यांच्यासाठी भडंग मागवलं होतं. त्यांनी कागद मांडीवर उलगडला आणि म्हणाले, "लावा."

ती माळ लावली. एकदा झाली. "असू द्या, चालू राहू द्या," ते म्हणाले. तानूबाई पुढे येत राहिली, साहेब बकाणे भरत राहिले. बोटं हळदीनं पिवळी झाली होती. मिशीत एक कुरमुरा अडकला होता, तो प्रत्येक घासाला वरखाली व्हायचा. 'सडून मेलं' आलं तेव्हा त्यांनी भडंगातली एक तळलेली मिरची नीट वेगळी काढून कागदाच्या कडेला ठेवली.

"वा!" ते म्हणाले. "काय चेहरा आहे हो! हिरेमठ, हा चेहरा ठेवायचा. रडणंही ठेवायचं. शब्द तेवढे बदला."

"म्हणजे कसे, साहेब?" बापूंनी विचारलं.

"माणूस उपकारानंही रडतो की. जीप आली, डॉक्टर आले, हिचा नवरा वाचला. हात जोडून सांगतेय ती मामलेदाराला."

"पण साहेब, तो मेलाय."

"सिनेमात कुठे मेलाय?" साहेब हसले. बोट चाटलं. "आणि नसेल जमत तर राहू द्या. सिनेमाचे डबे माझ्याकडे सुखरूप राहतील."

बापू त्यांच्याकडे न बघता माझ्याकडे बघत होते.

दुसऱ्या दिवशी बापूंनी वाक्यं लिहून आणली. मी वाचली आणि परत दिली.

"हे माझ्या तोंडून निघायचं नाही, बापू."

"अगं, तू नटी आहेस. पोटात एक, ओठात एक, हेच तर आपलं काम."

"ती बाई नटी नाहीये."

ते हौसाबाईंकडे वळले. हौसाबाई पान जुळवत होत्या. "माझ्याकडं बघू नगा. लई सोंगं केली मी. पर मेल्याला जित्ता करायचं काम मला जमायचं न्हाई. आन् त्या बाईला म्हाताऱ्या सुइनीचा आवाज शोभतोय व्हय?"

"तुम्हाला काय जातंय बोलायला!" बापू ओरडले. "चार वर्षं घातलीत मी ह्यात."

"तिनं नवरा घातलाय," हौसाबाई म्हणाल्या आणि पानाला चुना लावला.

त्याच दुपारी सईला आकडी आली. सकाळपासून तिचं अंग कोमट लागत होतं आणि मी उन्हाचं असेल, दाताचं असेल, म्हणत होते. झोळी एकदम ताणल्यासारखी हलली. मी बघितलं तर डोळे वर गेलेले, मुठी आवळलेल्या, तोंडाला फेस. माझ्या तोंडून काय निघालं ते मला आठवत नाही. हौसाबाई सांगायच्या, खोलीतले दिवेसुद्धा दचकले.

स्टुडिओत गाडी एकच, साहेबांची; शब्द बदलून होईपर्यंत ते मुक्कामाला होते. मी झोळीच्या गाठीशी झटत होते, तोवर सईला त्यांनीच उचलून घेतलं. गाडीत तिला मांडीवर कुशीवर धरून ते रुमाल ओला करून कपाळावर ठेवत राहिले. हळदीची पिवळी बोटं तिच्या गालाशी. मला ती बोटं तेव्हा देवाची वाटली. डॉक्टरांनी सुई दिली. ताप डोक्यात चढला होता, म्हणाले, वेळेवर आणलंत. साहेब बाकावर बसून राहिले. सई टाहो फोडून रडायला लागली, तेव्हाच ते उठले. हे मी मुद्दाम लिहितेय. तो माणूस बसून राहिला होता.

सई बरी झाली. झोळी स्टुडिओतच राहिली होती, ती आणायला तिला कडेवर घेऊन मी गेले. बापू दारातच भेटले. इतक्या मायेनं ते माझ्याशी कधी बोलले नव्हते.

"साहेब आत आहेत. आज चाललेत. दोन शब्द बोलून घे बाई, बरं दिसतं."

आत पडदा कोरा होता. साहेब माइकच्या दांड्याजवळ उभे होते, जाता जाता थांबल्यासारखे. लाल दिवा लागलेला होता. मी तो पाहिला. पडद्यावर काही चालू नव्हतं, म्हणून त्याचं मला काही वाटलं नाही.

बोलायचं काय ते मी वाटेत ठरवलं होतं, चांगलं पुस्तकी. पण तोंड उघडलं आणि माझ्या आईची भाषा बाहेर पडली. घाबरले की माझं असंच होतं.

"तुमी हुता म्हणून माझ्या घरात दिवा ऱ्हायला, सायेब. न्हाईतर मी कुनाच्या तोंडाकडं बघून जगलो असतो? द्येवावानी धावून आलासा. ह्ये उपकार मी मरंस्तवर इसरायचो न्हाई."

सई पाय झाडत होती, तिच्या पायांतले वाळे वाजत होते. साहेब एरवी शब्दाला शब्द जोडणारे. तेव्हा एक अक्षर बोलले नाहीत. नुसता हात वर केला, मान हलवली आणि डोळे मिटले. केवढं मोठं मन, असं मला वाटलं. माझे केवढे आभार आणि त्यांना एक शब्दही नको.

सिनेमा पास झाला. कोल्हापुरात लागला तेव्हा पहिल्या खेळाला आम्हा सगळ्यांना बोलावणं होतं. हौसाबाई माझ्या शेजारी. बापूंनी तो तुकडा काढला असणार, असं मी धरून चालले होते. देवळासमोरची गर्दी आली. तानूबाई माणसं सारत पुढे आली. आता ती अगदी थोडीच दिसत होती. पुढे येते, आणि लगेच पदर तोंडावर. पदराआडून तिचे खांदे गदगदत होते. आणि सगळ्या थिएटरभर मी बोलले.

"तुमी हुता म्हणून माझ्या घरात दिवा ऱ्हायला, सायेब..."

मागून वाळे वाजत होते. छुम, छुम. पोर ना बाळ अशा त्या बाईच्या मागे माझ्या पोरीचे वाळे.

टाळ्या पडल्या. शेजारच्या रांगेत एक बाई डोळे पुसत होती. हौसाबाईंनी माझा हात धरला. 'मी सांगितलं होतं' असं त्या म्हणाल्या नाहीत.

मध्यंतरात साहेब भेटले. मिशी नीट कोरलेली. "बाळ कसं आहे?" म्हणाले, आणि सईचा गालगुच्चा घेऊन तिच्या तोंडाशी पेढ्याचा कण धरला. ती चोखायला लागली. मी बाहेर जाऊन नळाखाली तिचं तोंड धुतलं, पदरानं गाल पुसला, परत पुसला, ती रडायला लागली तरी पुसला.

"तुम्ही माझं बोलणं चोरलंत," मी बापूंना म्हटलं.

"मी लिहिलेलं तू बोलायला तयार नव्हतीस. म्हटलं, तुझंच तुला बोलू द्यावं." ते हसायला बघत होते. "आणि काय कमालीचं आलंय! दहा वर्षं डबिंग करून असं यायचं नाही. साहेबांचीच कल्पना ती. माझी नाही, शपथ."

"आधीची टेप कुठाय? तिचे शब्द?"

"पुसली. लग्नाचं गाणं घेतलं तिच्यावर." मग माझ्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले, "चेहरा तर राखला ना तिचा? लोकांना चेहऱ्यावरनं कळतं, कालिंदी."

तो हात मी झटकला. पण त्या हाताचा ओशट दमटपणा ब्लाउजवर राहिला, असं मला दिवसभर वाटत होतं.

मग सिनेमा तंबूतून गावोगाव गेला. उंबळवाडीच्या जत्रेतही लागला.

त्यानंतर थोड्याच दिवसांनी स्टुडिओच्या फाटकाशी एक बाई उन्हात बसलेली दिसली. गुरख्यानं तिला आत सोडलं नव्हतं. मी सईला घेऊन, स्टुडिओत राहिलेली माझी पिशवी आणायला जात होते. मी तिला लांबूनच ओळखलं. ती मला कशी ओळखणार?

"बापूंना भेटायचंय का?" एवढंच मी म्हटलं.

ती माझ्या तोंडाकडे बघायला लागली. डोळ्यांकडे नाही, तोंडाकडे. सईनं पाय झाडले. वाळे वाजले. तानूबाईची नजर सावकाश खाली उतरली आणि त्या इवल्याशा पायांवर थांबली.

"हां," ती म्हणाली. "मी म्हणतोय, माझ्या घरात वाळं कुनाचं वाजलं."

मी तिथेच फाटकाशी, उन्हात, तिला सगळं सांगितलं. सईची आकडी, गाडी, लाल दिवा. ती मध्ये एकदाच बोलली. "पोरगी बरी हाय न्हवं आता?" मी हो म्हटल्यावर तिनं सईच्या पायाला बोट लावलं आणि लगेच काढून घेतलं.

"दिरानं माझी भांडी भाईर टाकली," ती म्हणाली. "म्हणतोय, तू सिनेमात सोताच्या तोंडानं सांगितलंस, उपकार झालं म्हणून. आपरेशनवाल्यांस्नी देत्यात त्यो तुपाचा डबा घेतला असशील. आता जाब कसला मागतीस आन् रानातला वाटा कसला मागतीस? बाया पाणवठ्यावर हात जोडून दावत्यात मला. 'द्येवावानी धावून आलासा.' माझी नक्कल करत्यात." मग म्हणाली, "तू येशील का? गावात येऊन सांग, ह्यो आवाज तिचा न्हाई, माझा हाय. बास, येवढंच."

नवऱ्यानं त्या आठवड्यात घरी आल्यावर ऐकलं आणि दाराची कडी लावून घेतली. "लोकांना उचलून नेतायत, कालिंदी. तुला लहान मूल आहे. कुठल्या गावात जाऊन काय बोलणार आहेस तू?" तो परत फिरतीवर गेला आणि मी उंबळवाडीची एसटी पकडली. सईच्या दुपट्यात औषधाची बाटली, थर्मामीटर, ओल्या रुमालाची घडी. वाटभर मी तिच्या नाकाशी बोट धरून बसले होते.

त्याच देवळासमोर माणसं जमली. पाटील पारावर बसलेले. तानूचा दीर पाटलांच्या पायाशी. तानू खांबाला टेकून उभी. मी सगळं सांगितलं. सईला उचलून वाळे वाजवून दाखवले. लोक ऐकत होते. एक म्हातारा म्हणाला, "आवाज ह्योच हाय. अगदी ह्योच." मला वाटलं, झालं. पटलं.

पाटील पुढे वाकले. "मग बाई, एकडाव म्हणून दावा की. सिनेमातलं."

बायका तोंडाला पदर लावून हसल्या. मागची माणसं पुढे सरकली. मी तानूकडे बघितलं.

"म्हण," ती हळूच म्हणाली. "म्हंजी पटंल त्यांस्नी."

मी म्हटलं. सगळं. तुमी हुता म्हणून माझ्या घरात दिवा ऱ्हायला. तिच्यासमोर, तिच्या मेलेल्या नवऱ्याच्या गावात, त्याच सुरात, कारण दुसऱ्या सुरात म्हटलं असतं तर पटलं नसतं. जीभ तोंडात बुळबुळीत झाली होती, दुसऱ्या कुणाची असल्यासारखी.

आणि टाळ्या पडल्या. पोरांनी शिट्ट्या मारल्या. दीर उठून म्हणाला, "लई ग्वाड बोलता बाई तुमी. परत म्हणा की, मागच्यांस्नी ऐकू आलं न्हाई." कुणीतरी चहा आणला. बशीतून फुर्रकन चहा ओढत पाटील मला विचारत होते, सिनेमातली हिरॉइन जवळून कशी दिसते.

तानू मला एसटीपर्यंत सोडायला आली. मी म्हटलं, "त्यांच्या लक्षातच आलं नाही गं. आपण तालुक्याला जाऊ, लिहून देऊ, तू काय बोलली होतीस ते..."

"त्यांस्नी म्हाईत हाय," ती म्हणाली.

"काय?"

"मी काय बोललो त्ये. शूटिंगच्या दिशी समदी हितंच हुती की. ह्याच देवळाम्होरं. पाटील पारावर हुता. दीर माझ्या पाठीमागं हुबा हुता, त्यानंच मला जायाला वाट दिली." ती रस्त्याकडे बघत होती. "समद्यांनी कानानं ऐकलंय. आन् त्येला जीपमदी घालताना समद्यांनी डोळ्यानं बघितलंय. जीप तर पाटलाच्याच दारात हुबी हुती."

मला एकदम ती माळ आठवली. माणसं बाजूला सारून ती पुढे येते. ती माणसं. किती वेळा मी ती बघितली होती आणि एकाचाही चेहरा मी पाहिला नव्हता.

"मग मला कशाला आणलंस, तानूबाई?"

"मला वाटलं, तुझं ऐकून येक तरी लाजंल."

एसटी आली. तिनं सईला माझ्याकडून घेतलं, मी चढल्यावर खिडकीतून आत दिलं. वाळे वाजू नयेत म्हणून तिनं दोन्ही पाय मुठीत धरले होते.

घरी आल्याबरोबर मी ते वाळे काढून ठेवले. सई आता शाळेत जाते. तेव्हापासून मी माइकसमोर उभी राहिलेले नाही. बापूंना त्या सिनेमासाठी शाल मिळाली. आणीबाणी उठल्यावर त्यांनीच सभेत सांगितलं, आमच्यावर किती दडपण होतं म्हणून. दप्तरदारसाहेब पुढच्या रांगेत बसले होते आणि मान हलवत होते. डोळे मिटून. तशीच.

तानूबाई गावात राहिली नाही. हौसाबाईंना कुणीतरी सांगितलं, ती निपाणीकडे तंबाखूच्या वखारीत कामाला लागलीय. मी जाऊन आले. एका लांबलचक खोलीत बायका ओळीनं बसल्या होत्या, तंबाखूची धूळ नाकातोंडात जाऊ नये म्हणून सगळ्यांनी पदर तोंडावर बांधलेला. मी हाक मारली. दोघी-तिघींनी वर बघितलं आणि परत खाली. माझा आवाज ऐकून तिनं मान वर केली नसेल, तर ते बरोबरच आहे.

म्हणून तुम्हाला विचारते. तुम्ही त्या बाजूचे असाल, किंवा कधी तिकडे गेलात, तर एकदा डोकावून या. उंबळवाडीची तानूबाई, आता चाळिशीकडे आलेली, कपाळ मोकळं. माझं नाव सांगू नका. तिला म्हणा, पदर जरा खाली घ्या, आणि विचारा, त्या दिवशी देवळासमोर तुम्ही मामलेदाराला काय म्हणाला होतात? ती बोलली तर शेवटपर्यंत ऐकून घ्या. ती जेवली आहे का, खोकते का, रात्री कुठे निजते, तेवढं बघा. आणि मला कळवा.